कोंड्याचा मांडा करणारा छायालेखक

चित्रपटाच्या आरंभी पडद्यावर जी नामावली सरकत जाते, तीत छायालेखकाचे नाव असते खरे. पण ते वाचण्याची तसदी फारच थोडे प्रेक्षक घेतात. नटनटींची नावे तोंडपाठ असतात, दिग्दर्शकाचे नाव जाणकारांना ठाऊक असते, संगीतकाराचे नाव गाण्यांबरोबर घरोघर जाते. परंतु जे काही आपण पाहिले ते मुळात ज्याच्या डोळ्यांनी पाहिले गेले, तो मनुष्य बहुधा अज्ञातच राहतो. इटलीच्या चित्रसृष्टीत असा एक छायालेखक होऊन गेला. आपल्या कर्त्या वयाची वीस वर्षे त्याने दुसऱ्यांच्या चित्रपटांना प्रकाश पुरविला, दुसऱ्यांनी अर्धवट टाकलेले चित्रपट निमूटपणे पुरे करून दिले, आणि वयाची पंचेचाळीस वर्षे उलटल्यावर दिग्दर्शक म्हणून स्वतःच्या नावाने पहिला कथापट काढला. त्याचे नाव मारिओ बावा. भयपट, खुनाच्या रहस्यकथा, राक्षस आणि अंतराळयाने यांच्या अद्भुतकथा, असे जे प्रकार प्रतिष्ठित टीकाकारांच्या पंक्तीला कधी बसू शकले नाहीत, त्यांतच त्याने आपली हयात वेचली.

या माणसाच्या बहुरंगी कारकिर्दीकडे वळावेसे वाटते याचे कारण केवळ कुतूहल नव्हे. तिच्यातून दोन प्रश्न उभे राहतात आणि ते चित्रपटापुरते मर्यादित नाहीत. साधने तुटपुंजी असताना कला कशी निर्माण होते, हा पहिला. आणि कलाकृती जो आपल्या हातांनी घडवितो त्याची तिच्यावर सत्ता किती चालते, हा दुसरा. पहिल्या प्रश्नाचे उत्तर बावाने मोठ्या आनंदाने दिले. दुसऱ्याचे उत्तर मात्र काळाने त्याला दिले, आणि ते कठोर होते.

बावाचा जन्म १९१४ साली इटलीच्या समुद्रकाठच्या सान रेमो या नगरात झाला. त्याचे वडील एउजेनिओ बावा हे मूळचे शिल्पकार. चित्रपटाच्या बाल्यावस्थेत ते त्या नव्या धंद्याकडे ओढले गेले आणि मूकपटांच्या काळात छायालेखक व ट्रिकदृश्यांचे कुशल कारागीर म्हणून नावारूपाला आले. पुढे रोममधील ‘लूचे’ या सरकारी चित्रसंस्थेत ते चमत्कृतिदृश्यांचे काम पाहत असत. मारिओची स्वतःची ओढ चित्रकलेकडे होती. परंतु कुंचल्यावर संसार चालेना, तेव्हा तो वडिलांच्या हाताखाली उमेदवारी करू लागला. सुताराच्या मुलाने लाकडाच्या भुशात खेळता खेळता रंधा हाती घ्यावा, तशी ही विद्या त्याच्या हाती आली. भिंगे, गाळण्या, आरसे, छोट्या प्रतिकृती आणि रासायनिक द्रावणे ही त्याची मुळाक्षरे होती. चित्रपट म्हणजे प्रथम एक कारागिरी आहे आणि मग, जमल्यास, कला आहे, ही वडिलांच्या कार्यशाळेतील शिकवण त्याने अखेरपर्यंत सोडली नाही.

१९३९ च्या सुमारास तो स्वतंत्रपणे छायालेखन करू लागला. पुढे जगप्रसिद्ध झालेला रोबेर्तो रोस्सेलिनी तेव्हा लहान लहान लघुपट काढीत होता. त्यांतील काहींचे चित्रण बावाने केले. महायुद्धानंतरच्या दशकात तर त्याला उसंत म्हणून मिळाली नाही. स्तेनो आणि मारिओ मोनिचेल्ली या जोडीचा १९५१ चा ‘ग्वार्दिए ए लाद्री’, म्हणजे ‘शिपाई आणि चोर’, हा विनोदी चित्रपट इटलीत गाजला; त्याचे छायालेखन बावाचे. जीना लोल्लोब्रिजिदा हिच्या १९५५ च्या ‘जगातील सर्वांत सुंदर स्त्री’ या चित्रपटातील तिच्या सौंदर्याला उजळणारा प्रकाशही त्याचाच. पिएत्रो फ्रांचिस्कीच्या १९५८ च्या ‘हर्क्युलिस’ चित्रपटाने अमेरिकेतही अमाप पैसा मिळविला आणि ग्रीक व रोमन पुराणकथांवरील बलदंड वीरांच्या चित्रपटांची लाटच इटलीत उसळली. त्या ‘हर्क्युलिस’मधील गूढ रंगीत प्रकाशही बावानेच योजला होता. विनोदी, शृंगारिक, पौराणिक असा कोणताही विषय त्याला वर्ज्य नव्हता. मजुरी ठरली की तो दिवे मांडून उभा राही.

छायालेखकाचा दिग्दर्शक कसा झाला, ही हकीकत मोठी मनोरंजक आहे. मुसोलिनीच्या राजवटीत इटलीत भयपटांना थारा नव्हता. १९५६ साली रिकार्दो फ्रेदा या दिग्दर्शकाने ‘ई वाम्पीरी’, म्हणजे ‘रक्तपिपासू’, या भयपटाची जुळणी केली. सारे चित्रण अवघ्या बारा दिवसांत उरकण्याचा करार होता. दहा दिवस झाले, काम अर्धेमुर्धेच झालेले, आणि निर्मात्यांशी बिनसल्यामुळे फ्रेदा निघून गेला. छायालेखक बावाने उरलेल्या दोन दिवसांत चित्रपट पुरा करून दिला. दिग्दर्शनाचे श्रेय अर्थातच फ्रेदाचे राहिले.

या चित्रपटात एक दृश्य असे आहे की ते पाहून चांगले जाणते प्रेक्षकही बुचकळ्यात पडत. एक तरुण, रूपवती स्त्री आपल्या डोळ्यांदेखत, कोठेही दृश्य न तोडता, सुरकुतलेली म्हातारी होते. ही जादू कशी घडली ते समजून घेण्यासारखे आहे. कृष्णधवल फिल्मला रंग दिसत नाहीत. तिला फक्त उजेडाचे कमीअधिक प्रमाण कळते. नटीच्या चेहऱ्यावर सुरकुत्या काढल्या होत्या त्या लाल रंगाने. तिच्यावर लाल गाळणीतून प्रकाश टाकला की त्वचा आणि सुरकुत्या दोन्ही सारख्याच उजळ दिसतात, म्हणजेच सुरकुत्या अदृश्य होतात. लाल पतंगाच्या कागदातून पाहिले असता पांढऱ्या पाटीवरची लाल रेघ नाहीशी होते, त्यातलाच हा प्रकार. आता हळूहळू लाल प्रकाश काढून घ्यावा आणि हिरवा आणावा. लाल रंग हिरवा उजेड परत पाठवीत नाही, तो गिळून टाकतो. म्हणून त्याच रेघा एकाएकी काळ्या होऊन उमटू लागतात. नटीने जागचे हलू नये, मांत्रिकाने मंत्र म्हणू नये, आणि वार्धक्य मात्र अंगावर चालून यावे! ही युक्ती बावाने शोधून काढलेली नव्हे; १९३१ च्या अमेरिकन ‘डॉक्टर जेकिल’ चित्रपटातही ती वापरली गेली होती. पण बारा दिवसांच्या घाईगर्दीत ती इतक्या सफाईने वठविणे हे कसलेल्या हाताचेच काम होते.

हाच प्रकार पुन्हा घडला. १९५९ च्या ‘काल्तिकी’ या चित्रपटात एक आकारहीन, वाढतच जाणारा राक्षस हवा होता. बावाने खाटकाकडून जनावराचे आतडे-कोथळे आणले आणि तेच दिव्यांखाली राक्षस म्हणून वळवळत ठेवले. हाही चित्रपट फ्रेदाने मध्येच सोडला. बावाला दिग्दर्शनाची संधी मिळावी म्हणूनच आपण तसे केले, असे त्याने मागाहून सांगितले. त्याच वर्षी मॅराथॉनच्या लढाईवरील चित्रपट जाक तुर्नेर याच्या हातून अपुरा राहिला, तो बावाने तडीस नेला. अखेर ‘गालातेआ’ या चित्रसंस्थेच्या चालकांना उपरती झाली. जो मनुष्य आपले बुडते तारू वारंवार काठाला लावतो, त्याच्या हाती एखादे तारू आरंभापासूनच का सोपवू नये? त्यांनी बावाला हवा तो विषय निवडण्याची मुभा दिली.

बावाने रशियन लेखक गोगोल याच्या ‘विय’ या कथेचा आधार घेतला. आधार म्हणण्यापेक्षा धागा म्हणणे अधिक योग्य. १९६० साली ‘ला माश्केरा देल देमोनिओ’, म्हणजे ‘सैतानाचा मुखवटा’, हा कृष्णधवल चित्रपट प्रदर्शित झाला. दिग्दर्शन त्याचे आणि छायालेखनही त्याचेच. बार्बरा स्टील या इंग्रज अभिनेत्रीने त्यात शापित चेटकीण आणि तिच्या वंशातील निष्पाप तरुणी अशा दोन्ही भूमिका केल्या. यातील एक दृश्य विशेष ध्यानात राहते. रात्रीच्या अरण्यातून एक घोडागाडी येते, पण तिच्या चाकांचा आवाज नाही, घोड्यांच्या टापांचा आवाज नाही, आणि तिची गती स्वप्नातल्यासारखी मंद आहे. पडद्यावर चित्रे सेकंदाला २४ या वेगाने फिरतात. चित्रण करताना कॅमेऱ्याचा वेग वाढविला, तर दाखविताना तीच हालचाल लांबते आणि जडत्व नाहीसे झाल्यासारखी वाटते. भुताची गाडी दाखविण्यास त्याला एवढे पुरले. अमेरिकेतील एका कंपनीने हा चित्रपट एक लाख डॉलर देऊन घेतला. ब्रिटनमध्ये मात्र परिनिरीक्षण मंडळाने त्याला १९६८ पर्यंत परवानगी दिली नाही.

येथे थोडे थांबून बावाच्या कारागिरीचे मर्म सांगितले पाहिजे. माणसाला दोन डोळे आहेत, आणि दोहोंच्या दृष्टीत जो किंचित फरक असतो त्यावरून जवळ काय आणि दूर काय याचा अंदाज आपल्याला येतो. कॅमेरा एकाक्ष आहे. जवळची लहान वस्तू आणि दूरची मोठी वस्तू यांतला भेद त्या एकट्या भिंगाला सहजी कळत नाही. बावाच्या साऱ्या चमत्कृती या एका उणिवेवर उभ्या आहेत. समजा, एखादा दुर्ग हवा आहे आणि जवळ आहे ती केवळ एक पडकी भिंत. कॅमेऱ्यापुढे दोन-तीन हातांवर एक काच उभी करावयाची. तिच्यावर दुर्गाचे मनोरे, तट आणि आकाश रंगवावयाचे, आणि काचेचा खालचा भाग मोकळा ठेवावयाचा. त्या मोकळ्या भागातून खरी भिंत आणि खरी माणसे दिसतात. काचेवरचा मनोरा आणि मागची भिंत यांचा सांधा नेमका जुळला, दोहोंवरचा उजेड एकाच दिशेने आला, आणि भिंगाचे छिद्र बारीक ठेवून जवळचे व दूरचे दोन्ही रेखीव राखले, की सांधा कोणाला सापडत नाही. चित्रकार होण्याचे जे स्वप्न बावाने तारुण्यात सोडले होते, ते असे काचेवर पुन्हा उमटले.

१९६८ मध्ये इटलीच्या दूरचित्रवाणीने होमरच्या ‘ओडिसी’वर मालिका काढली. तीत पॉलिफेमस या एकाक्ष राक्षसाच्या गुहेचा प्रसंग होता, आणि तो चित्रित करण्यासाठी खास बावाला बोलावण्यात आले. एका डोळ्याच्या यंत्राची नस जाणणाऱ्या माणसाकडे एका डोळ्याच्या राक्षसाचे काम यावे, हा योग मोठा गमतीचा म्हटला पाहिजे.

काटकसरीचा कळस पाहावयाचा तर १९६५ चा ‘अंतराळातील दहशत’ हा चित्रपट पाहावा. एका अज्ञात ग्रहावर दोन याने उतरतात, अशी कथा. ग्रह उभा करण्यासाठी बावाच्या पदरी काय होते? त्याच्याच सांगण्याप्रमाणे, कोण्या पौराणिक चित्रपटातून उरलेले प्लॅस्टिकचे दोन खडक! त्याने ते दोन खडक कधी इकडे, कधी तिकडे हलविले, आरशांत त्यांची प्रतिबिंबे पाडून त्यांची रांग उभी केली, एकाच फिल्मवर पुन्हा पुन्हा चित्रण करून ती रांग वाढविली, आणि मधली सारी मोकळी जागा रंगीत धुक्याने भरून टाकली. निरनिराळ्या देशांतून आलेले नट आपापल्या भाषेत संवाद म्हणत होते, म्हणून कोणाचे बोलणे कोणाला धड कळत नव्हते. इटलीत तेव्हा ध्वनी मागाहून भरण्याची पद्धत असल्याने तेही खपून गेले. पुढे १९७९ मध्ये ‘एलियन’ हा अमेरिकन चित्रपट आला, तेव्हा त्यातील मृत ग्रहवासीयाचा महाकाय सांगाडा पाहून अनेक समीक्षकांना बावाच्या या धुकट ग्रहाची आठवण झाली.

‘असतील शिते तर जमतील भुते’ अशी आपल्याकडे म्हण आहे. बावाच्या बाबतीत ती उलटी करून म्हणावी लागेल. त्याच्याकडे शिते नसतानाही भुते जमली! १९६६ च्या ‘ऑपेराझिओने पाउरा’ या चित्रपटाच्या वेळी पैसे मध्येच संपले आणि पुढचे काम मंडळींनी वेतनावाचून पुरे केले, असे सांगतात. त्यात एका लहान मुलीचे भूत आहे. ते काम बावाने एका मुलाला मुलीचा वेष देऊन करवून घेतले. चेहरा मुलीचा, पण चालण्या-पाहण्यात काहीतरी जुळत नाही, आणि नेमके तेच प्रेक्षकाला अस्वस्थ करते. पांढरा चेंडू खेळणाऱ्या या बालिकेची छाया दोनच वर्षांनी खुद्द फेदेरिको फेल्लिनीच्या ‘तोबी दाम्मित’ या लघुकथापटात पडलेली दिसते. ज्या फेल्लिनीपुढे जगातील विद्वान माना डोलवीत, त्याने या उपेक्षित कारागिराकडून उसनवारी करावी, यात बावाच्या योग्यतेची पावती आहे.

रहस्यपटाच्या क्षेत्रात तर त्याला एका नव्या प्रकाराचा जनक मानतात. इटलीत १९२९ पासून मोन्दादोरी ही प्रकाशनसंस्था रहस्यकथांची पुस्तके पिवळ्या वेष्टनात काढीत असे, म्हणून रहस्यकथेलाच तेथे ‘जाल्लो’, म्हणजे ‘पिवळी’, असे नाव पडले. बावाचा १९६३ चा ‘अति जाणणारी मुलगी’ हा चित्रपट आणि पाठोपाठ १९६४ चा ‘खुन्यासाठी सहा स्त्रिया’ हा रंगीत चित्रपट यांनी पडद्यावरील ‘जाल्लो’ची पायवाट घालून दिली. मुखवटा घातलेला खुनी, हातमोजे, वस्त्रप्रावरणांच्या दुकानातील पुतळे, आणि भिंतींवर विनाकारण सांडलेला जांभळा-हिरवा प्रकाश, ही त्याची सामग्री. कॅमेरा सरकविण्यासाठी लागणारी रुळांची गाडी महाग, म्हणून तो लहान मुलांच्या खेळण्यातल्या गाड्यावर बसवून ओढला, अशी आख्यायिका आहे. चाके कुरकुरली असतील. पण ध्वनी मागाहून भरावयाचा असल्याने ती कोणाला ऐकू आली नाहीत. असे म्हटले तर वावगे होणार नाही की, इटलीतील ध्वनिमुद्रणाच्या पद्धतीनेच तेथील कॅमेऱ्याला पाय फुटले.

या सर्वांच्या जोडीला त्याने नॉर्वेच्या दर्यावर्दी वीरांचे चित्रपट केले, अमेरिकन गोपालकांचे बंदुकबाज चित्रपट केले, हेरगिरीची थट्टा करणारा विनोदी चित्रपटही केला. एक ना धड भाराभर चिंध्या, असे कोणी म्हणेल. तसे त्यांतील काही चित्रपट सामान्यही आहेत. मात्र सामान्य चित्रपटातही एखादी खोली, एखादा जिना, एखादी खिडकी अशी उजळून निघते की चित्रपट कोणाचा ते ओळखू यावे. कथा निर्मात्याची असे, नट वितरकाच्या पसंतीचे असत, शीर्षक जाहिरातदाराचे असे. उजेड तेवढा बावाचा.

अंदाजपत्रके तपासण्यात ज्याचा दिवस जातो अशा माझ्यासारख्या माणसाला त्याच्या आयुष्यातील एक प्रसंग विशेष वाटतो. दीनो दे लाउरेन्तिस या धनाढ्य निर्मात्याने चित्रकथेतील ‘दियाबोलिक’ या चोरावर चित्रपट करण्यासाठी त्याला पाचारण केले. खर्चासाठी तीस लाख डॉलर मंजूर होते. बावाने चित्रपट पुरा केला सुमारे चार लाखांत! जमिनीखालचे भव्य गुप्तगृह पडद्यावर दिसते ते बहुतांशी काचेवरचे आणि कागदावरचे आहे. मंजूर रक्कम वर्षअखेरीच्या आत कशीबशी खर्ची टाकण्याची धडपड सर्वत्र दिसत असताना हा मनुष्य सव्वीस लाख शिल्लक ठेवून मोकळा झाला. निर्मात्याने खूष होऊन त्याच्याकडून दुसऱ्या भागाची अपेक्षा केली, पण बावा तयार झाला नाही. मोठ्या पैशाबरोबर मोठी देखरेख येते, पदोपदी विचारणा होते, हे त्याने अनुभवले होते. छोट्या पैशात त्याला कोणी विचारीत नसे, आणि त्या न विचारण्यालाच तो स्वातंत्र्य समजत असे.

येथेच आरंभी उल्लेखिलेला दुसरा प्रश्न पुढे येतो. हे स्वातंत्र्य खरे किती होते? कॅमेरा चालू असेपर्यंत बावा राजा होता. चित्रण संपले, फिल्मच्या चकत्या डब्यात बंद झाल्या, की त्याची सत्ता संपे. १९६३ मध्ये त्याने तीन भयकथांचा एक चित्रपट केला. अमेरिकेतील वितरकाने तिन्ही कथांचा क्रम बदलला, मूळ संगीत काढून दुसरे घातले, आणि एका कथेचा अर्थच फिरवून तिच्यात भूत घुसविले. त्या इंग्रजी आवृत्तीचे ‘ब्लॅक सबाथ’ हे शीर्षक पुढे एका ब्रिटिश वाद्यवृंदाने आपल्या नावासाठी उचलले आणि ते जगभर दुमदुमले. शीर्षकाची कीर्ती झाली. कर्त्याला तिचा फारसा स्पर्श झाला नाही.

त्याहून दारुण प्रसंग दहा वर्षांनी आला. आल्फ्रेदो लिओने या निर्मात्याने बावाला सांगितले की, आता तुला हवा तसा चित्रपट कर. आयुष्यात क्वचितच लाभलेली ही मोकळीक होती. १९७३ मध्ये त्यातून ‘लिझा आणि सैतान’ हा चित्रपट झाला. वाट चुकलेली एक प्रवासी स्त्री एका जुन्या वाड्यात येते, आणि तेथील जिवंत माणसे कोणती, मृत कोणती, बाहुले कोणते, हेच कळेनासे होते, असा तो स्वप्नसदृश चित्रपट. त्याच वर्षी कान येथील चित्रपट-बाजारात तो दाखविला गेला. घेणारा एकही पुढे आला नाही. तेवढ्यात भूतबाधा उतरविण्यावरील ‘एक्झॉर्सिस्ट’ या अमेरिकन चित्रपटाने जगभर तुफान धंदा केला. निर्मात्याला आपले पैसे वसूल करावयाचे होते, आणि त्याचे तरी काय चुकले? त्याने बावाच्या चित्रपटाची कापाकाप केली, त्यात एका धर्मोपदेशकाची आणि झपाटलेल्या स्त्रीची नवी दृश्ये घुसविली, आणि १९७५ मध्ये ‘भूतबाधेचे घर’ अशा अर्थाच्या नावाने तो बाजारात आणला. नव्या दृश्यांपैकी काही चित्रित करण्यास बावाने नकार दिला. त्या आवृत्तीवर दिग्दर्शक म्हणून जे नाव आले ते टोपणनाव होते. आयुष्यातल्या सर्वांत मोकळ्या कामावर त्याचे स्वतःचे नावच उरले नाही.

त्याच सुमारास, १९७४ मध्ये, त्याने अगदी निराळ्या वळणाचा एक चित्रपट हाती घेतला होता. ‘पिसाळलेले कुत्रे’ हे त्याचे नाव. दरोडा घालून पळालेले तीन गुंड एक मोटार अडवितात. आत एक पुरुष, एक ओलीस स्त्री आणि एक आजारी मूल. जवळजवळ सारी कथा त्या धावत्या मोटारीत घडते. भुते नाहीत, किल्ले नाहीत, रंगीत धुके नाही. भर उन्हाळ्याचे रणरणते ऊन, घाम आणि माणसांचे चेहरे. साठीला आलेल्या या कारागिराने आपली सारी जुनी आयुधे खाली ठेवून नव्याने आरंभ केला होता. चित्रण होत आले आणि निर्मात्याचे दिवाळे वाजले. सावकारांच्या देण्यापोटी फिल्म जप्त झाली. न्यायालयाच्या दृष्टीने ती मालमत्ता होती, आणि मालमत्ता म्हणून ती कुलूपबंद झाली. बावाने ती पुरी झालेली कधीच पाहिली नाही. १९९० नंतरच्या दशकात, त्या चित्रपटात काम केलेल्या अभिनेत्रीच्या खटपटीने ती मोकळी झाली आणि लोकांपुढे आली.

या दोन आघातांनंतर बावाने फारसे काम केले नाही. १९७७ मध्ये ‘शॉक’ हा एक कथापट त्याने मुलगा लांबेर्तो याच्या साह्याने केला. दूरचित्रवाणीसाठी एक कथा दोघांनी मिळून चित्रित केली. लांबेर्तो पुढे स्वतः दिग्दर्शक झाला आणि बावा घराण्याची विद्या तिसऱ्या पिढीत उतरली. दारिओ अर्जेन्तो या तरुण दिग्दर्शकाचा ‘इन्फेर्नो’ हा चित्रपट १९८० साली आला. त्याला न्यूयॉर्कच्या गगनचुंबी इमारती दाखवावयाच्या होत्या, आणि त्यासाठी त्याने वृद्ध बावाला मदतीला बोलावले. बावाने दुधाचे रिकामे पुठ्ठ्याचे डबे गोळा केले, त्यांवर इमारतींची छायाचित्रे चिकटविली आणि मेजावर न्यूयॉर्क उभे केले. ज्याच्या वाटेवरून चालत अर्जेन्तो मोठा झाला, तोच त्याच्या चित्रपटासाठी कात्री आणि डिंक घेऊन बसला होता, आणि त्यात त्याला काही कमीपणा वाटल्याचे दिसत नाही. १९८० च्या एप्रिल महिन्यात रोममध्ये हृदयविकाराने त्याचे निधन झाले.

हयातीत बावा स्वतःविषयी बोलताना नेहमी थट्टेचा सूर लावी. आपण कलावंत नसून कामकरी आहोत, असाच त्याचा आव असे. मृत्यूनंतर चित्र पालटले. मार्टिन स्कॉर्सेसीसारख्या अमेरिकन दिग्दर्शकाने त्याचे ऋण उघडपणे मान्य केले. टिम ल्यूकस या अमेरिकन समीक्षकाने २००७ मध्ये त्याच्यावर हजाराहून अधिक पृष्ठांचा ग्रंथ प्रसिद्ध केला. ‘लिझा आणि सैतान’ची मूळ प्रत उजेडात आली आणि आज रसिक तीच पाहतात, कापाकाप केलेली आवृत्ती केवळ अभ्यासाचा विषय उरली आहे.

मग बावाला स्वतंत्र चित्रकर्ता म्हणावे की नाही? मालकी हीच स्वातंत्र्याची कसोटी मानली, तर तो आयुष्यभर परतंत्रच होता. कथेवर त्याची मालकी नव्हती, पैशावर नव्हती, फिल्मच्या डब्यांवर तर नव्हतीच. परंतु आणखी एक स्वातंत्र्य असते आणि ते हातात असते. कोणता दिवा कोठे ठेवावा, छाया कोठे पडू द्यावी, दोन खडकांचे वीस कसे करावेत, या बाबतीत त्याच्यावर कोणाचा हुकूम चालत नव्हता. कारण हुकूम सोडण्याइतके ते कोणाला समजतच नव्हते. या दुसऱ्या स्वातंत्र्याने पहिल्याची भरपाई होते, असे मात्र मी म्हणणार नाही. तसे म्हटले तर कारागिराचे कौतुक करून त्याला मजुरी नाकारण्यासारखे होईल. ज्याने चित्रपट घडविला त्याला तो मोडला जाताना मुकाट्याने पाहावे लागू नये, यासाठी कायदा आणि व्यवहार या दोहोंचे पाठबळ लागते, आणि तेवढी मागणी करण्याचा कारागिराला पुरेपूर हक्क आहे. मात्र ते पाठबळ मिळेपर्यंत हात थांबवून बसावयाचे की दुधाच्या रिकाम्या डब्यांतून नगर उभारावयाचे, हा प्रश्न ज्याचा त्याने सोडवावयाचा असतो. बावाने तो सोडविला, आणि मेजावरच्या त्या इटुकल्या न्यूयॉर्कवर दिवा नेमका कोणत्या बाजूने आला पाहिजे, ते तो आपल्या अखेरच्या वर्षातही तितक्याच बारकाईने पाहत होता.